लांबलेला शॉट

कट यायच्या क्षणी ताबीशची पापणी पडते. ही सवय कधी लागली ते त्यालाही सांगता येणार नाही. स्वतः जोडलेली फिल्म बघताना एक चित्र संपून दुसरं सुरू होतं तिथे डोळा आपोआप मिटतो, आणि उघडतो तेव्हा पुढचं चित्र आलेलं असतं. 'कडेचे दोरे' ही फिल्म तर त्याने इतक्या वेळा बघितली होती, की पडद्याकडे पाठ करून बसवलं असतं तरी कुठे काय संपतं ते त्याने सांगितलं असतं. त्या दुपारी करकंबहून परत आल्यावर घामाने भिजलेला शर्टही न बदलता तो मशीनसमोर बसला. परदेशातल्या महोत्सवाला उद्या पाठवायची फिल्म आता आज संध्याकाळीच पाठवून टाकावी, त्याआधी शेवटचं एकदा बघून घ्यावं म्हणून. अम्मीच्या त्या शॉटपाशी पापणी पडली, उघडली, तरी समोर अम्मीच होती. खाली सतरंजीवर टॉवेलांचा ढीग, हातात छोटी कात्री, कडेचे सुटलेले दोरे कापणारी अम्मी. एव्हाना तिने जायला हवं होतं आणि तिच्या जागी कारखान्यातला माग खडखडायला हवा होता. पण ती गेली नाही. तिने कात्री थांबवली, मान वर केली, सरळ कॅमेऱ्यात बघितलं. मग बाजूला कुणाकडे तरी वळून तिचे ओठ हलले. मग ओढणी डोक्यावर नीट घेतली. आणि मग कुठे माग आला. या सगळ्यावर त्याचाच आवाज चालू होता, त्यानेच लिहिलेलं, त्यानेच बोललेलं वाक्य: "अम्मी सगळ्यांना विसरली. कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या मला मात्र ती शेवटपर्यंत विसरली नाही."

बाहेर मे महिन्यातलं सोलापूर भाजत होतं, खोलीतला कूलर नुसती उकाड्याची हवा इकडून तिकडे फेकत होता. ताबीशने शॉट मागे घेतला, परत बघितला. मशीनची चूक असेल, हा विचार त्याने फार वेळ टिकू दिला नाही. मशीन चुकतं तेव्हा वेडंवाकडं चुकतं. इथे अम्मीचा शॉट जेवढा लांबला होता तेवढाच पुढचा मागाचा शॉट आखूड झाला होता, संगीत आणि निवेदन जागच्या जागी होतं, फिल्मची लांबी एका चित्रानेही वाढली नव्हती. हे काम हाताचं होतं आणि हात माहितगाराचा होता. फाइल शेवटची कधी साठवली गेली ते बघितलं, तर काल दुपारी. काल दुपारी तो करकंबला, उजनीच्या कालव्याकाठी एका बागायतदाराच्या केळीची जाहिरात चित्रित करत होता. वादळी वारं सुटून केळीची पानं फाटायला लागली म्हणून काम आवरतं घेतलं आणि तो एक दिवस आधीच घरी आला. म्हणजे तो उद्या आला असता तर हे त्याला दिसलं असतं की नसतं, कोण जाणे. तो खुर्चीत जरा हलला. खुर्चीसुद्धा त्याला आज बुटकी वाटायला लागली.

स्वयंपाकघरातून भांड्यांचा आवाज येत होता. राहत, त्याची बायको, उर्दू शाळेत गणित शिकवायची, पण सध्या सुट्ट्या होत्या आणि ती दिवसभर घरातच असायची. तिला हाक मारून विचारलं असतं तर गोष्ट दोन मिनिटांत उरकली असती. पण सरळ विचारणं हे ताबीशच्या स्वभावात नव्हतं. विचारलं की माणूस उत्तर तयार करतो. त्यापेक्षा गप्प राहून बघत बसावं, माणूस कधी ना कधी स्वतःच उघडा पडतो, असं त्याचं मत होतं आणि आयुष्यात ते बऱ्याच वेळा खरंही ठरलं होतं. राहत पाण्याचा तांब्या घेऊन आली, मशीनकडे तिने एक नजर टाकली, फक्त एक, आणि म्हणाली, "तुमे कल आनेवाले थे ना?" ताबीश म्हणाला, "हवा सुटी थी." ती "अच्छा" म्हणून परत गेली. त्याला वाटलं, ही जरा जास्तच लवकर परत गेली. एरवी प्रवासातून आल्यावर काय खाल्लं, कुठे झोपलात, एवढं तरी विचारायची.

लोक त्याला अष्टपैलू म्हणत. एका वर्तमानपत्रात रेश्मा नावाच्या पोरसवदा बातमीदार बाईने त्याच्यावर अर्धं पान लिहिलं होतं. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, ध्वनी, संकलन, संगीत, सगळं एकहाती, मुंबई-पुण्याकडे न बघता, सोलापुरात राहून. राहतने तो लेख मोठ्याने वाचून दाखवला आणि घडी घालत म्हणाली, "आठ पैलू हैं, सही है. उसमें साथ बैठ के खाना खानेवाला एक बी नई." तो हसला होता. रेश्माने त्याला विचारलं होतं की हे सगळं तुम्ही कुठे शिकलात, आणि त्याने जिद्द, आवड, इंटरनेट असली छापायजोगी उत्तरं दिली होती. खरं उत्तर छापण्यासारखं नव्हतं. खरं असं होतं, की प्रत्येक विद्या त्याने कुणावरचा तरी विश्वास उडाला म्हणून शिकली होती. पहिल्या छोट्या फिल्मला पुण्याचा कॅमेरामन आणला, तर तो पठ्ठ्या गोष्ट सोडून सूर्यास्त टिपत बसला, कारण पुढच्या कामासाठी स्वतःचे नमुने म्हणून त्याला ते दाखवायचे होते. लग्नापुरता कॅमेरा येत होताच, आता ताबीश फिल्मचा कॅमेरा शिकला. मग संकलकाने अख्खा पावसाळा फिल्म अडकवून ठेवली आणि शेवटी दिली तेव्हा त्यातून ताबीशचे वडीलच गायब होते, "ते काका कथेला पुढे नेत नाहीत" म्हणून. ताबीश संकलन शिकला. उजनीकाठच्या मच्छीमारांवर फिल्म केली तेव्हा आवाजाच्या माणसाने पाण्यावरच्या मोटारींची घरघर इतकी साफसूफ करून टाकली की धरणाकाठी दिवसरात्र राबणारं गाव मुकं झालं. ताबीशने स्वतःचा रेकॉर्डर घेतला. संगीतकाराने दिलेली धून वर्षभराने त्याला माळशिरसमध्ये एका पुढाऱ्याच्या वाढदिवसाच्या व्हिडिओवर ऐकू आली, तेव्हा मोटारसायकल रस्त्याच्या कडेला लावून तो पूर्ण ऐकेपर्यंत उभा राहिला, आणि घरी येऊन पेटी शिकायला बसला. दुधाने तोंड पोळलेला माणूस ताक फुंकून पितो. ताबीश तर पाणीसुद्धा आधी उकळून, मग गाळून, मग पेल्याच्या तळाशी बघून प्यायचा. गावातल्या एका खेळाला श्रेयनामावलीत त्याचं नाव पुन्हा पुन्हा यायला लागलं तसे लोक हसले. तेव्हापासून त्याने एकच पाटी ठेवली: सर्व काही, ताबीश. त्या पाटीचा त्याला अभिमान होता. नव्या फिल्मलाही तीच होती. आणि आता त्या पाटीत कुणीतरी, काल दुपारी, त्याच्या खुर्चीत बसून, वाटा मागितला होता.

मशीनचा पासवर्ड दोघांनाच माहीत होता, राहतला आणि शरणबसवला. राहतला कट ओढणं सोडा, टीव्हीचा रिमोट धड जमत नाही असं त्याने धरून ठेवलेलं होतं. उरला शरणबसव. अशोक चौकात त्याचा लग्नाच्या शूटिंगचा स्टुडिओ होता. बारावीनंतर ताबीश तिथेच कामाला लागला, कॅमेरा खांद्यावर कसा ठेवायचा ते तिथेच कळलं. लग्नाच्या कामाचा पहिला नियमही शरणबसवनेच दिला होता: पाहुणा कॅमेऱ्यात बघायच्या आत काप. माणसाने कॅमेऱ्यात बघितलं की तो हसायला लागतो, ताठ होतो, पदर सावरतो, जेवतानाचा घास खाली ठेवतो, आणि सगळं खोटं दिसायला लागतं. हजारो चेहऱ्यांवर ताबीशने हा नियम चालवला. डोळे वर यायला लागले की त्याचा हात आपोआप कात्री मारायचा. अम्मीच्या शॉटलाही तिथेच मारली होती. मान उचलायची हालचाल सुरू होते, तिथे. हा नियम माहीत असलेला माणूसच मुद्दाम तो मोडू शकतो. शरणबसवने मागच्या महिन्यात फिल्म बघून म्हटलंही होतं, आईचा शॉट लवकर गेला बे, थांबायचास की जरा. ताबीशला ते तेव्हाच टोचलं होतं. त्याने किल्ली उचलली, राहतला काही न सांगता जिना उतरला आणि तापलेल्या सीटवर बसून गाडी चालू केली.

शरणबसव काउंटरमागे बसून कडक भाकरीचा तुकडा शेंगाचटणीला लावून खात होता. ताबीशला बघून त्याने ताटली पुढे सरकवली. "काय बे, आज कसं काय वाट चुकलास? जेव."

"माझी फिल्म उघडलास काय तू?"

"मी कशाला उघडू बे? हितं माझीच लग्नं तुंबलेत. त्या होटगीच्या नवरीला पोरगं झालं तरी तिचा अल्बम व्हायचाय."

"अम्मीचा शॉट लांबलाय. पुढचा बरोब्बर तेवढाच कमी केलाय. हे कुणाला जमतंय तुझ्याशिवाय?"

शरणबसवने हात पुसले. ताबीश त्याच्या तोंडाकडे बघत राहिला. वीस वर्षांचा दोस्त, ताबीशच्या लग्नात कॅमेरा धरलेला, अम्मीला दवाखान्यात नेताना स्वतःची गाडी काढलेला, आणि तरी ताबीशला या घडीला त्याच्या तोंडावर फक्त चोरी शोधायची होती. "मी सांगितलो," शरणबसव शेवटी म्हणाला. "फोनवर. काल भाभी फोन केल्या. शॉट पुढं वढायचा कसा, म्हटल्या, बाकीचं काई हलायला नको. मी सांगितलो, ह्ये बटण दाबा, ह्ये धरून वढा. हुशार हायत की, एका झटक्यात जमलं त्यांना."

"मला सांगायला काय झालतं?"

"सांगू नका म्हटल्या त्या. नवरा-बायकोच्या मधी मी कशाला पडू? आनि सासूचं तोंड बघायला मागत्यात, त्यात काय चोरी हाय का बे? तू लई झालास आता. आपला हात जगन्नाथ, बरोबर हाय, पण दुसऱ्याला बी हात असतेत की." तो दुखावला होता, ते दिसत होतं. ताबीशला ते दिसलं आणि तरी त्याच्या कानात दुसरंच वाक्य घुमत राहिलं. सांगू नका म्हटल्या. पुढे सरकवलेली ताटली तशीच ठेवून तो निघाला तेव्हा शरणबसवने त्याला थांब म्हटलं नाही.

परतीच्या रस्त्यावर त्याला राग यायला हवा होता, पण आली ती भीती. भीतीला काही आकार नव्हता. राहत शरणबसवशी बोलली याचं काही नाही, ते दोघं पूर्वीपासून बोलत. तिने फिल्मला हात लावला याचंही एका मर्यादेपर्यंत काही नाही. पण आपल्याला कळू नये असं तिला वाटलं, आणि ते वाटून तिने त्याप्रमाणे केलं, इतक्या सफाईने केलं की एका पापणीवाचून कळलंही नसतं. जिला रिमोट जमत नाही ती बाई. म्हणजे आणखी काय काय तिला जमत असेल आणि आपल्याला माहीत नसेल? सात रस्त्याच्या सिग्नलला उभा असताना त्याला एकदम आठवलं, की अम्मी गेल्यानंतर चाळिसाव्या दिवसापर्यंत राहत तिच्या खोलीत जाऊन बसायची आणि तो आला की उठून जायची. तेव्हा त्याला वाटलं होतं, दुःख आहे. आता वाटलं, दुःख असेल, पण दुःखाला नवरा आल्यावर उठून जायचं काय कारण? मागच्या रिक्षावाल्याने हॉर्न वाजवला. सिग्नल कधीच सुटला होता.

अम्मीचं विसरणं हळूहळू आलं होतं. आधी शेजारी गेले, मग गल्ली गेली, मग अब्बा वारल्याचं ती विसरली आणि संध्याकाळी कारखाना सुटायच्या वेळेला दाराकडे बघत बसायला लागली. टॉवेलचे दोरे कापायचं काम तिने अब्बा होते तेव्हापासून घरी बसून केलं होतं, ते मात्र बोटांनी सोडलं नाही. म्हणून ताबीश कारखान्यातून फुकटचे टाकाऊ टॉवेल आणून तिच्यापुढे टाकायचा आणि ती दिवसभर कापत बसायची. मग आठवणीतून राहत गेली. राहतला ती सिस्टर म्हणायला लागली, दवाखान्यातली नर्स समजून, आणि राहतनेही कुरकुर न करता ती नोकरी स्वीकारली. सिस्टर, गोळी कडू है. सिस्टर, मेरे घर कब भेजते. ताबीशला त्यावेळी हसूच यायचं, आणि हसण्याखाली एक छुपं सुख असायचं, जे त्याने कुणाला सांगितलं नाही. अम्मी सगळ्यांना विसरते आहे, पण मी खोलीत आलो की शांत होते, माझ्याकडे बघून मान डोलावते. कधी ती त्याला अब्बांच्या नावाने, रहिमतुल्ला, अशी हाक मारायची. तेही त्याला आवडायचं. चेहरा सारखा होता, आणि रक्त रक्ताला ओळखतं असं म्हणतातच. अख्खी फिल्म याच एका गोष्टीवर उभी होती. पुण्यात एका कार्यक्रमात त्याने हे बोलून दाखवलं तेव्हा सभागृहात लोकांनी रुमाल काढले होते. महोत्सववाल्यांनी निवडीच्या पत्रात नेमकं तेच वाक्य उचललं होतं, मला मात्र ती विसरली नाही.

तो घरी आला तेव्हा राहत खोलीत, मशीनपासून लांब, पलंगावर बसली होती. ती वाट बघत होती हे त्याला लगेच कळलं. बहुतेक शरणबसवने फोन केला असणार. "मैंच की," ती म्हणाली. त्याने अजून काही विचारलं नव्हतं. "वापस करके रखनेवाली थी. तुमे आज आ गए."

"कायकू?"

"देखने का था. अम्मी उधर मुंडी उठाते, और तुमारा मशीन आ जाता खडखड. हर बार. मेरेकू थोड़ा और देखने का था." ती एवढं साधं बोलली की ताबीशचा संशय क्षणभर बसायला जागा शोधत राहिला. तिने कपाटाकडे हात केला. बाकीच्या सगळ्या डिस्क तो कुलपात ठेवायचा, कुणी कॉपी करू नये म्हणून. मशीनला जोडलेली ही एकच बाहेर होती. "उसमें अम्मी का पूरा साल है. तुमे बंद करके रखे. मैं किसको मांगती?"

ताबीशला दिसलं, की राहत बोलताना एकदाही पडद्याकडे बघत नाहीये. पडद्यावर तोच शॉट थांबलेला होता, अम्मी बाजूला वळून काहीतरी बोलते आहे, ओठ अर्धे उघडे. ती कुणाशी बोलते आहे? फ्रेमच्या बाहेर, उजव्या बाजूला, त्या दिवशी कोण बसलं होतं? ताबीशने आठवायचा प्रयत्न केला. तो स्वतः गॅलरीत होता, लांबच्या लेन्सने दारातून चित्रित करत, अम्मीला अडचण वाटू नये म्हणून. डोळा कॅमेऱ्याला, डावा हात फोकसवर, ऊन पाठीवर. रेकॉर्डर टॉवेलांच्या ढिगाखाली ठेवलेला, चालू. पण कानाला काही नव्हतं. दोन कानांत हेडफोन घालून फोकस नीट सांभाळता यायचा नाही, आणि या शॉटला आपण पुढे पेटी लावणार हे त्याने तिथेच, उभ्या उभ्या ठरवून टाकलं होतं. संकलन करताना चित्र घेतलं, आवाज घेतलाच नाही. आवाजाचा माणूस वेगळा असता तर त्याने त्या दिवशीच ऐकलं असतं, संध्याकाळी येऊन सांगितलं असतं, साहेब, तिथे काहीतरी बोलणं आहे. पण आवाजाचा माणूस ताबीशच होता, आणि कॅमेऱ्याच्या माणसाने त्याला गप्प बसवलं होतं.

"क्या बोल रैं अम्मी?" त्याने विचारलं.

राहत उठली. "छोड़ो ना. शाम होती. भेजने का है ना तुमकू?"

"तू थी ना बाजू में?"

"नक्को सुनो," राहत म्हणाली. आता तिचा आवाज साधा नव्हता. "मेरी बात मानो. पुराना करके रखो जैसा था वैसा. अच्छा था वो."

म्हणजे आहे. काहीतरी आहे आणि तिला माहीत आहे आणि दोन वर्षं तिने ते सांगितलेलं नाही. ताबीशला त्या क्षणी विचित्र समाधान वाटलं. आपला संशय खोटा नव्हता, एवढंच ते समाधान. डिस्कवर ती आवाजाची फाइल सापडायला वेळ लागला नाही. तारखेने लावलेली, कधीच न उघडलेली. त्याने ती चित्राखाली आणून बसवली, आपली पेटी बंद केली, आपलं निवेदन बंद केलं, आणि कूलरचं बटणही बंद केलं. राहत दारापर्यंत गेली आणि तिथेच उभी राहिली.

आधी कात्रीचा आवाज आला. टिक, थांबून परत टिक. लांब कुठेतरी कारखान्यातले माग, गल्लीतून जाणारा भंगारवाला. मग पडद्यावर अम्मीने मान वर केली, त्याच्याकडे बघितलं, आणि बाजूला वळली.

"सिस्टर, वो कौन है?"

राहतचा आवाज जरा उशिरा आला. "शूटिंगवाले हैं, अम्मी."

"किसकी शादी है?"

"है एक."

अम्मीने ओढणी डोक्यावर घेतली. परक्या माणसासमोर घेतात तशी, कपाळापर्यंत. "धूप में खड़े हैं बिचारे," ती म्हणाली. "चाय तो पिलाओ उनकू. किसका बच्चा है की, कित्ता सूखा है."

पुढे परत कात्री. ताबीश ऐकत राहिला. कात्रीचा आवाज बराच वेळ होता आणि तो त्याने बंद केला नाही. अम्मी शांत व्हायची, मान डोलवायची, ते सगळं त्याला आता एकेक करून आठवायला लागलं आणि प्रत्येक आठवणीत अम्मीच्या डोक्यावर ओढणी होती. कपाळापर्यंत. पोराला बघून कुठली आई ओढणी सावरते? त्याने ते रोज कॅमेऱ्यातून पाहिलं होतं, फोकस करून पाहिलं होतं. त्याला रडायला येत होतं आणि त्याची लाजही वाटत होती, कारण रडण्यात अर्धा वाटा पुण्याच्या त्या सभागृहाचा होता, तिथे उभं राहून आपण काय बोललो त्याचा होता.

"बेटा है बोलती तो घबराते," राहत दारातून म्हणाली. "पहले बोली थी एक बार. मेरेकू बेटा है और मेरेकूच मालूम नई, करके रोने लगे. इसके वास्ते."

"चाय?" ताबीशने विचारलं.

"दी ना. तुमेच पिए. मेरे पे चिल्लाए, शॉट के बीच में कायकू लाई करके. फिर वहींच गॅलरी में खड़े होके पिए. अम्मी देखते बैठे थे, कप खाली होने तक."

ओरडल्याचं त्याला आठवलं. चहा आठवेना. तो पिताना आपण कुठे बघत होतो हेही आठवेना, बहुतेक उन्हाकडे, किती वेळ टिकेल ते. त्याने निवेदनाची पट्टी निवडली. मला मात्र ती शेवटपर्यंत विसरली नाही. ती त्याने उडवली. पेटीही उडवली. कात्रीचा, मागांचा आणि त्या दोघींच्या बोलण्याचा आवाज तसाच ठेवला, शॉट राहतने ओढला होता तिथपर्यंत, त्याच्या पुढे आणखी थोडा, कात्री परत सुरू होईपर्यंत. ज्या वाक्यासाठी निवड झाली तेच वाक्य आता फिल्ममध्ये नव्हतं. महोत्सववाले काय म्हणतील ते म्हणोत, असं त्याने मनात म्हणून बघितलं, आणि ते त्याला पूर्ण खरं वाटलं नाही. बाहेर गल्लीत ऊन उतरायला लागलं होतं. कुणीतरी दारात पाणी मारत होतं.

तयार फिल्मची फाइल काढायला लावायच्या आधी तो थांबला. पडद्याकडे बघतच त्याने विचारलं, "उसके बाद पहचाने क्या? कब्बी?"

प्रश्न आणि उत्तर यांच्यामध्ये थोडी जागा पडली. माणसं बोलायच्या आधी थांबतात ती जागा ताबीशने आयुष्यभर कापली होती, मोजली होती, ऐकली होती. थांबलेल्या माणसाच्या तोंडाकडे बघितलं की तो आठवतो आहे की रचतो आहे ते त्याला कळायचं. त्यापुढचे सगळे महिनेसुद्धा कपाटात होते, तारखेने लावलेले, आवाजासकट.

"हौ," राहत म्हणाली. "पहचाने ना. आखरी के दिनों में पहचाने."

"अच्छा," ताबीश म्हणाला. त्याने वळून तिच्या तोंडाकडे बघितलं नाही, आणि फिल्म पाठवायला लावली.